वर्तन-साहाय्यकाची परीक्षा

(मंडळाच्या वार्षिक स्नेहसंमेलनात केलेले भाषण)



विद्वत्तेचा अधिकार आम्हांस नाही. त्या वेळची एस. एस. सी., जिला घरी सारे मॅट्रिकच म्हणत, ती उत्तीर्ण होऊन आम्ही मास्तरकीत शिरलो आणि खडूफळ्याच्या सहवासातच सेवानिवृत्त झालो. तेव्हा आज जे सांगणार आहोत ते एका मास्तराने उतारवयात घेतलेल्या धड्याचे निवेदन आहे, असे समजून आपण गोड करून घ्यावे.

या विषयाला एक निमित्त घडले. आपल्या वार्षिक अंकात गुणवंतांच्या अभिनंदनाचे सदर असते. गतवर्षी आमच्या सूनबाईंनी अमेरिकेत एक परीक्षा उत्तीर्ण केली, म्हणून त्यांचे नाव आम्ही त्या सदराकरिता पाठविले. एका स्नेह्यांनी सहज विचारले, "मास्तर, हे म्हणजे मुले सांभाळण्याचेच काम ना? त्यात परीक्षा ती कसली?" प्रश्नात कुत्सितपणा नव्हता, निव्वळ अपरिचय होता. आम्हांलाही दोन वर्षांपूर्वी तेच वाटले असते. त्यांना त्या वेळी आम्ही उत्तर दिले नाही, ते आज देत आहोत.

या परीक्षेने जी पदवी मिळते तिचे नाव 'रजिस्टर्ड बिहेवियर टेक्निशियन'. शब्दशः भाषांतर वर्तन-तंत्रज्ञ असे होईल. परंतु कामाचे स्वरूप पाहता आम्ही 'वर्तन-साहाय्यक' म्हणणे पसंत करतो. स्वमग्न, म्हणजे ज्यांस ऑटिझम आहे अशा मुलांना बोलणे, मागणे, हात धुणे, कपडे घालणे, इतरांबरोबर खेळणे अशा गोष्टी पायरीपायरीने शिकविणे आणि जे वर्तन त्या मुलास वा इतरांस अपाय करते ते कमी करण्यास साहाय्य करणे, हे त्याचे काम. ज्या शास्त्रावर ते उभे आहे त्यास अप्लाइड बिहेवियर अ‍ॅनालिसिस, म्हणजे उपयोजित वर्तन-विश्लेषण म्हणतात. या क्षेत्रातील लोकांना प्रमाणपत्रे देणारी संस्था अमेरिकेत १९९८ साली स्थापन झाली आणि साहाय्यकाची ही पायरी तिने २०१४ साली निर्माण केली. वरची पायरी विश्लेषकाची, तिला पदव्युत्तर शिक्षण लागते. मुलाची तपासणी करून शिकवण्याची योजना आखणारा तो विश्लेषक, आणि ती योजना प्रत्यक्ष मुलाजवळ बसून, रोज, तासन्‌तास अमलात आणणारा तो साहाय्यक. घराचा आराखडा एकाने काढावा आणि भिंत दुसऱ्याने बांधावी, तसेच हे होय. परंतु भिंत ओळंब्यात नसेल तर उत्तम आराखडाही व्यर्थ, हे बांधकाम पाहिलेल्या कोणासही सांगावयास नको.

आता या परीक्षेच्या अटी सांगतो. उमेदवाराचे वय किमान १८ असावे आणि त्याने शालान्त शिक्षण पूर्ण केलेले असावे. तेथील हायस्कूल बारा यत्तांचे, म्हणजे आपल्या हिशेबाने बारावी. त्याच्या पूर्वचारित्र्याची तपासणी होते, कारण लहान आणि असहाय मुलांच्या सान्निध्यात कोणालाही सोडता येत नाही. त्यानंतर ४० तासांचे प्रशिक्षण. हे पाच दिवसांच्या आत उरकता येत नाही आणि १८० दिवसांपलीकडे रेंगाळवताही येत नाही. घाईने शिकलेले टिकत नाही आणि रेंगाळलेले विसरते, हे सत्य कोणा अनुभवी शिक्षकाने त्या नियमावलीत लिहिले असावे, असे आम्हांस वाटले.

प्रशिक्षणानंतर प्रत्यक्ष कौशल्याची पारख होते. अधिकारी परीक्षक समोर बसतो. सुमारे वीस कामे असतात. काही मुलाबरोबर करून दाखवावयाची, काही परीक्षकालाच मूल समजून, काहींची तोंडी उत्तरे द्यावयाची. ही पारख झाल्यावाचून लेखी परीक्षेस बसता येत नाही. आपल्याकडे मात्र प्रथम लेखी उत्तीर्ण व्हावे आणि हात पुढे कधी तरी चालवावा, अशी रीत. ही उलटी रीत आम्हांस फार आवडली.

शेवटी परीक्षा. ती संगणकावर, नेमलेल्या केंद्रात होते. प्रश्न ८५, वेळ ९० मिनिटे. त्यांपैकी ७५ प्रश्नांचे गुण धरतात. उरलेले १० प्रश्न पुढील परीक्षांकरिता पारखून पाहण्यासाठी घातलेले असतात, पण ते कोणते हे उमेदवारास कळत नाही. विषयांचे भाग सहा: नोंदी व आलेख, वर्तनाची पाहणी, नवे वर्तन शिकविणे, अपायकारक वर्तन कमी करणे, लेखन व वृत्तकथन, आणि नीतिनियम.

आम्ही त्या काळात मुलाकडे राहावयास गेलो होतो. नातू शाळेत गेला की सूनबाई स्वयंपाकघरातील टेबलावर वही उघडीत, आणि प्रश्न विचारण्याचे काम आमच्याकडे येई. आयुष्यभर प्रश्नच विचारले होते. म्हटले, ठीक आहे. त्यांचे पाठांतर उत्तम होते. व्याख्या विचारावी आणि त्यांनी अक्षरशः म्हणावी. आम्ही शंभरापैकी शंभर गुण देत होतो. पहिल्या प्रयत्नात त्या अनुत्तीर्ण झाल्या.

केंद्रातून निघाल्यावर मोटारीत त्या बराच वेळ बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, "बाबा, मला सगळे पाठ होते हो. पण त्यांनी व्याख्या एकही विचारली नाही. प्रत्येक प्रश्नात एक मूल होते."

भगिनींनो, या एका वाक्यात त्या परीक्षेचे मर्म आहे. प्रश्नात एक मूल असते. त्याच्या पुढे काही घडते, ते काही करते आणि त्यानंतर काही होते. उमेदवाराने या तीन गोष्टी वेगवेगळ्या ओळखावयाच्या: आधी काय घडले, मुलाने काय केले, नंतर काय झाले. इतके साधे. तरीही आपण आईबाप आणि मास्तर मंडळी आयुष्यभर मधलीच गोष्ट पाहतो आणि तिला नाव ठेवून मोकळे होतो: हट्टी, उद्धट, आळशी.

सूनबाईंची ज्या संज्ञेने सर्वाधिक फसगत केली ती म्हणजे 'ऋण प्रबलन'. नाव ऐकून कोणासही वाटावे की ही शिक्षा असेल. ती शिक्षा नव्हे. प्रबलन म्हणजे वर्तन बळकट होणे. एखादी सुखाची गोष्ट मिळाल्याने वर्तन बळावते ते धन प्रबलन. एखादी त्रासाची गोष्ट टळल्याने बळावते ते ऋण प्रबलन. आम्ही मोटारीतच बसलो होतो, म्हणून तेच उदाहरण घेतले. पट्टा बांधला नाही तर मोटार कर्कश आवाज करते. पट्टा बांधताच आवाज थांबतो. म्हणून पुढच्या खेपेस आपण आधीच पट्टा बांधतो. आवाज थांबला, आपली पट्टा बांधण्याची सवय पक्की झाली. यात शिक्षा कोठे आहे? सूनबाईंच्या चेहऱ्यावर तत्क्षणी उजेड पडला. त्या दिवसापासून आम्ही व्याख्या विचारणे सोडून दिले आणि घरातील, शाळेतील, रस्त्यावरील प्रसंग विचारू लागलो.

असेच एके दुपारी प्रसंग रचीत असता आम्ही सहज बोलून गेलो: "एक मुलगा आहे. शाळेची घंटा झाली की तो कानांवर हात ठेवतो आणि वर्गाबाहेर पळतो. सांगा पाहू, का?" सूनबाई क्षणभरही न थांबता म्हणाल्या, "पळाल्यावर आवाज कमी होतो, म्हणून पळणे बळावते. ऋण प्रबलन. पण बाबा, योजना विश्लेषक ठरवील. साहाय्यकाने आधी नोंद करायची, किती वेळा, कोणत्या आवाजाला, किती वेळ." उत्तर पूर्ण बरोबर होते. आम्ही मात्र पुढचा प्रश्न विचारू शकलो नाही. तो मुलगा आम्ही रचलेला नव्हता. तो आमच्या चौथीच्या वर्गात होता.

त्याचे नाव येथे घेत नाही. तो खडूचे तुकडे उंचीप्रमाणे ओळीत मांडून ठेवी. "तुझे नाव काय?" असे विचारले की तोही "तुझे नाव काय?" असेच म्हणे. वर्ग हसे. आम्हांस तो उद्धटपणा वाटला आणि आम्ही त्यास मारले. घंटा झाली की तो पळे. त्याची खोड मोडावी म्हणून एक दिवस आम्ही त्यास मुद्दाम घंटेखाली उभे केले आणि शिपायास घंटा वाजवावयास सांगितली. त्याचे वडील मोलमजुरी करीत. ते येऊन हात जोडून म्हणाले, "मास्तर, तुम्हीच याला वळण लावा." त्या विश्वासाचे आम्ही हे चीज केले. दिवाळीच्या सुटीनंतर तो मुलगा शाळेत आला नाही. आम्हीही त्याच्या घरी गेलो नाही. पट कमी होऊ नये म्हणून त्याचे नाव मात्र काही महिने हजेरीत राहिले.

तो मुलगा स्वमग्न होता, असे आज आम्ही म्हणणार नाही. निदान करण्याचा अधिकार डॉक्टरांचा व मानसशास्त्रज्ञांचा. साहाय्यकालाही तो नाही, मग सेवानिवृत्त मास्तरास कोठून असणार? परंतु जे डोळ्यांसमोर होते ते पाहण्याचा अधिकार आम्हांस होता, किंबहुना ते कर्तव्यच होते. घंटा, कानांवर हात, पळणे, आवाज दूर होणे. चार शब्दांची नोंद. ती आम्ही केली नाही. त्याने शब्द परत म्हटले ते उद्धटपणाने नव्हे. अनेक स्वमग्न मुले ऐकलेलेच शब्द परत उच्चारतात आणि पुष्कळदा तोच त्यांच्या बोलण्याचा प्रारंभ असतो, हे आम्हांस ठाऊक नव्हते. ठाऊक नसणे हा अपराध नव्हे. ठाऊक नसताना हात उगारणे हा अपराध होय.

मुलाकडे आधी पाहावे आणि मग शिकवावे, ही शिकवण आपल्याकडे नवी होती असेही नाही. ताराबाई मोडक आणि अनुताई वाघ यांनी बोर्डी व कोसबाड येथे हेच केले. आम्ही त्यांची नावे अध्यापनाच्या परीक्षेत लिहून गुण मिळविले होते. पाठांतर आमचेही उत्तम होते.

लेखी नोंदीचा जो भाग या परीक्षेत आहे, तो प्रत्येक शिक्षकाने आणि प्रत्येक आईबापाने शिकावा असा आहे. 'मूल आज फार रागावले होते' असे लिहावयाचे नाही. राग कोणास दिसत नाही. 'दहा मिनिटांत तीन वेळा टेबलावर हात आपटला' असे लिहावयाचे; हे कोणीही मोजू शकतो आणि उद्याच्या आकड्याशी ताडून पाहू शकतो. शिकविण्याचेही तसेच. हात धुणे ही आपल्याला एक क्रिया वाटते. तेथे तिचे भाग पाडतात: नळ उघडणे, हात भिजविणे, साबण घेणे, चोळणे, धुणे, नळ बंद करणे, पुसणे. मूल कोणत्या पायरीवर अडते ते पाहून तेथेच साहाय्य द्यावयाचे, आणि जमू लागले की ते हळूहळू काढून घ्यावयाचे. हात धरून गिरविण्यापासून हात सोडण्यापर्यंतचा प्रवास आमच्या पाटीवरही होता. फक्त हात केव्हा सोडावयाचा याची आम्ही मोजदाद ठेवली नव्हती.

दुसऱ्या प्रयत्नात सूनबाई उत्तीर्ण झाल्या. उत्तीर्ण झाल्याने सारे संपले असेही नाही. साहाय्यकास स्वतंत्रपणे काम करता येत नाही. महिन्यात जेवढे तास काम, त्याच्या किमान ५ टक्के वेळ वरिष्ठांची देखरेख हवी. म्हणजे ८० तास काम केले तर ४ तास. २०२६ पासून प्रमाणपत्राचे दर दोन वर्षांनी नूतनीकरण करावे लागते आणि त्याकरिता १२ तासांचे नवे शिक्षण घ्यावे लागते. नीतिनियमही कडक आहेत. मुलाच्या घरची गोष्ट बाहेर बोलावयाची नाही. मुलास अपाय होत असल्याचा संशय आला तर गप्प बसावयाचे नाही. नात्यातील मुलाचा साहाय्यक व्हावयाचे नाही, कारण मावशीची माया आणि साहाय्यकाची नोंदवही एका हाती नीट राहत नाहीत.

या शास्त्राची दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. न सांगणे अप्रामाणिकपणा होईल. स्वमग्न मुलांकरिता या पद्धतीचा मोठा प्रयोग लॉस एंजेलिसच्या विद्यापीठात ओले इव्हार लोवास यांनी केला. १९८७ साली प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या लेखाप्रमाणे आठवड्यास सुमारे ४० तास शिकविलेल्या १९ मुलांपैकी ९ मुले सामान्य शाळेत पहिली यत्ता पार करू शकली. या आकड्यांनी पालकांत मोठी आशा उत्पन्न झाली. परंतु त्या प्रयोगातील मुलांची विभागणी चिठ्ठ्या टाकून केलेली नव्हती, असा शास्त्रीय आक्षेप आहे. आणि त्या काळात चापट मारण्यासारखे उपायही योजिले जात, हे त्याहून गंभीर आहे. आज मोठी झालेली अनेक स्वमग्न माणसे स्वतः सांगतात, 'डोळ्यांत डोळे घालून पाहण्याची सक्ती आम्हांस जाचली. आमची निरुपद्रवी हातांची हालचालसुद्धा दाबून टाकली गेली.' त्यांचे म्हणणे ऐकलेच पाहिजे. जे मूल कोणासही इजा न करता हात हलविते, त्याचे हात आपण का थांबवावे? लोक काय म्हणतील म्हणून? मग दोष लोकांत आहे, मुलाच्या हातांत नाही. वळण लावणे आणि मूल मोडणे यांतील सीमारेषा फार बारीक आहे. आम्ही ती ओलांडली होती, म्हणून हे सांगण्याचे धाडस करतो.

आता तरुण मंडळींकरिता व्यवहाराचे चार शब्द. ही परीक्षा द्यावी असे कोणास वाटल्यास प्रथम हे ध्यानात ठेवावे की भारतात राहणाऱ्यांचे अर्ज ती संस्था १ जानेवारी २०२३ पासून स्वीकारीत नाही. तेव्हा येथे बसून ती पदवी मिळवून देतो असे कोणी म्हणाले, तर पैसे भरण्यापूर्वी दहा वेळा विचार करावा. ४० तासांच्या प्रशिक्षणाचा कागद म्हणजे नोंदणी नव्हे. ती चौथ्या मजल्याच्या जिन्याची दुसरी पायरी आहे. परदेशी असणाऱ्या आपल्या लेकीसुनांनी हेही जाणावे की प्रमाणपत्र म्हणजे नोकरीचा परवाना नव्हे. त्या देशात काम करण्याची अनुमती वेगळी मिळवावी लागते. येथे राहून हे काम करू इच्छिणाऱ्यांकरिता आपल्याकडे १९९२ च्या कायद्याने स्थापिलेली भारतीय पुनर्वास परिषद आहे. तिची मान्यता असलेली विशेष शिक्षणाची पदविका बारावीनंतर घेता येते आणि परिषदेच्या नोंदवहीत नाव दाखल करता येते. संस्थेत प्रवेश घेण्यापूर्वी तिला ही मान्यता आहे की नाही, एवढे अवश्य पाहावे.

बंधुभगिनींनो, २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यात २१ प्रकार नमूद आहेत आणि स्वमग्नता त्यांत आहे. कायद्याने तिला नाव दिले. आपल्या घरांत मात्र अद्याप ते नाव उच्चारले जात नाही. या सभागृहात चारशे माणसे बसली आहेत. आपल्या ज्ञातीत अशी मुले नाहीत असे नव्हे. ती येथे आणली जात नाहीत. पाहुणे आले की ती आतल्या खोलीत असतात, स्थळ पाहावयाचे असले की त्यांचा उल्लेख टळतो. भावाला असे मूल आहे म्हणून बहिणीचे लग्न अडेल, ही धास्ती आम्ही आमच्याच नात्यात पाहिली आहे. ती धास्ती घालविणे हे कोणा एका कुटुंबाच्या आवाक्यातील नव्हे. ते मंडळाचे काम आहे.

म्हणून दोन विनंत्या करतो. पहिली अशी की, गुणवंतांच्या सदरात डॉक्टर, इंजिनियर आणि सनदी लेखापाल यांच्या शेजारी अशा मुलांना शिकविणाऱ्यांचीही नावे छापावीत, मग ते अमेरिकेत असोत वा गावच्या विशेष शाळेत. दुसरी अशी की, पुढील वर्षीच्या स्नेहसंमेलनात ध्वनिक्षेपकापासून दूर एक शांत खोली राखून ठेवावी आणि निमंत्रणपत्रिकेत तसे स्पष्ट छापावे, म्हणजे ज्या मुलास आवाज सोसत नाही ते मूलही आईबापांबरोबर येईल आणि हवे तेव्हा तेथे जाऊन बसेल. खर्च काही नाही. एक खोली आणि चार सतरंज्या.

ज्या स्नेह्यांनी "त्यात परीक्षा ती कसली?" असे विचारले होते, ते समोरच बसले आहेत. त्यांना आमचे उत्तर इतकेच की, मुलाला नाव ठेवण्यापूर्वी त्याच्याकडे नीट पाहता येते की नाही, याची ती परीक्षा आहे. आमच्या सूनबाई तीत दुसऱ्या खेपेस उत्तीर्ण झाल्या. आम्ही एका मुलाच्या बाबतीत अनुत्तीर्ण झालो, आणि ती परीक्षा पुन्हा देण्याची सोय नाही.